‘मेल्या’ गोड लागतं, मग ‘अत्याचारी’ का नाही?

निपाणीहून तुम्ही विचारलंय की हिंदी गाण्यातलं ‘जालिम’ गोड वाटतं, पण गॅदरिंगच्या मराठी गाण्यात तेच लिहिलं की शिवी का होते.

कारण तुम्ही ‘जालिम’चं ‘अत्याचारी’ केलंय. तो बातमीतला शब्द. ‘जालिम’, ‘कातिल’, ‘सितमगर’ उर्दू गझलेतून सिनेमात आले, आणि गझलेत माशूक छळणार, आशिक सोसणार हे आधीच ठरलेलं. त्यामुळं ‘कातिल’ म्हटलं की आठवते नजर. मराठीत ‘खुनी’ म्हटलं की थेट पोलीस ठाणं. ‘जुलमी’ वापरा, तो लावणीत मुरलाय.

दुसरं म्हणजे हाक मारा. ‘तो निष्ठुर आहे’ ही शेजारणीकडं केलेली तक्रार. ‘निष्ठुरा’ म्हटलं की तो समोर येतो आणि रुसायचा हक्कही येतो. ‘लबाडा’चं तसंच. मागं ‘रे’ लावलात की धार आणखी उतरते. ‘मेल्या’ मात्र बाईच्याच तोंडी शोभतो. पुरुषानं ‘मेले’ म्हटलं तर भांडण. त्यानं ‘वेडे’वर भागवावं.

आरोपही बघून करा. चोर चालतो, कारण चोरलंय मन. गौळणींनी कान्ह्याला हेच ऐकवलंय. ‘कंजूष’ म्हणालात तर गाणं विनोदी होतं. ज्या आरोपात त्याची आपल्यावरची सत्ता दिसते, तोच गोड लागतो.

कन्नड ओळ घालणार असाल तर ‘कळ्ळ’ (चोर) आणि ‘हुच्च’ (वेडा) दोन्ही लाडात चालतात. पण सिनेमातलं ‘कणो’, ‘कणे’ (आपल्या ‘रे’, ‘गं’सारखं) उचलू नका, ते म्हैसूरकडचं. आपल्याकडं कानाला उपरं वाटतं. (तसं लाडक्याला वाईट नाव द्यायची खोड आपल्या भागात दोन्ही भाषांना आहे. दृष्ट लागू नये म्हणून मराठी घरात केरावरून केरबा, कन्नड घरात उकिरड्याच्या ‘तिप्पे’वरून तिप्पण्णा.)

सगळ्यात जास्त चुकतं ते जागेत. कडक शब्द पहिल्याच ओळीत एकटा टाकला की ऐकणाऱ्याला राग खरा वाटतो. आधी काळजी दाखवा, मग शिवी द्या. असं काहीतरी:

‘भाकरी गार झाली, शेवटची बस गेली,
कुठं मेला होतास रे मेल्या?’