आठ वर्षांच्या मुलाला ‘द बॉय हू ग्रू ड्रॅगन्स’ द्यावं का? घरच्यांपासून गोष्टी लपवायला शिकेल का?

तुमचा प्रश्न असा आहे की मुलगा आठ वर्षांचा, तिसरीत आहे, मित्राकडे या सिरीजचं पहिलं पुस्तक बघून आलाय आणि हट्ट धरून बसलाय, पण त्यातला मुलगा आईबाबांपासून ड्रॅगनचं पिल्लू लपवून वाढवतो हे कळल्यावर तुम्हाला धाकधूक वाटतेय, कारण तो आधीच बारीकसारीक गोष्टी लपवायला लागलाय. माझ्या मते द्या, बिनधास्त द्या. मी ही पुस्तकं माझ्या भाच्याला वाचून दाखवली आहेत, त्यामुळे जरा सविस्तर लिहिते.

आधी गोष्ट थोडक्यात. लेखिका अँडी शेफर्ड, इंग्लंडमधल्या केंब्रिजजवळ राहतात. पहिलं पुस्तक 2018 चं, आणि 2021 पर्यंत एकूण पाच आली. चित्रं सारा ओगिल्वी यांची आणि ती भरपूर आहेत, म्हणजे पान उलटलं की कुठेतरी एक शेपटी लोंबकळत असतेच. टोमस नावाच्या मुलाला आजोबांच्या बागेत एका कोपऱ्यात कधी न पाहिलेलं एक विचित्र झाड सापडतं, त्याचं एक फळ तो घरी आणतो आणि ते फळ फुटून आतून इवलासा ड्रॅगन बाहेर येतो. त्याचं नाव तो फ्लिकर ठेवतो, कारण त्याच्या खवल्यांचे रंग सारखे बदलत असतात. इथून पुढे सगळी धांदल. टोमस सुरुवातीलाच सांगून टाकतो की काकड्या लावण्यापेक्षा ड्रॅगन वाढवणं फार त्रासाचं काम आहे, आणि हा ‘त्रास’ लेखिकेने इतका मन लावून लिहिलाय ना, तिथेच तुमच्या प्रश्नाचं निम्मं उत्तर आहे.

कारण बघा, आठ वर्षांच्या पोराचं सगळं आपणच करत असतो. जेवलास का, दप्तर भरलंस का, स्वेटर घाल. दिवसभर त्याची कोणीतरी काळजी घेतंय. आणि इथे पहिल्यांदा एक जीव असा येतो की ज्याची काळजी फक्त त्यानेच घ्यायची, दुसरं कोणी घेणारच नाही कारण दुसऱ्या कोणाला माहीतच नाही. खायला काय घालायचं, झोपवायचं कुठे, काही पेटलं तर काय, आणि ड्रॅगनची शी (ती स्फोटक असते, आमच्याकडे या भागाला पोट धरून हसणं झालेलं आहे) कोण साफ करणार, तर टोमसच. आई मध्ये पडली तर गोष्ट तिथेच संपली, ती एका दिवसात सगळं मार्गी लावेल. म्हणून या प्रकारच्या गोष्टीत मोठ्यांना बाहेर ठेवावंच लागतं. त्यात आईबाबांना फसवण्याची मजा नाहीये, मुलाला एकदा तरी खरीखुरी जबाबदारी मिळावी एवढ्यासाठी ते आहे. बिल्डिंगच्या जिन्याखाली खोक्यात कुत्र्याचं पिल्लू लपवून बशीतून दूध पाजणारी पोरं आपण सगळ्यांनी पाहिली आहेत, त्यांच्या चेहऱ्यावर जो गंभीरपणा असतो ना, तोच टोमसच्या चेहऱ्यावर आहे.

दुसरं म्हणजे, हे गुपित एकट्याचं राहतच नाही. पहिल्या पुस्तकात टोमस एकटा धडपडतो, मग टेड, कॅट आणि काई हे मित्र त्यात येतात, त्यांनाही आपापला ड्रॅगन हवा असतो आणि मिळतोही, आणि एकाची धांदल चौघांची होते. तिसऱ्या पुस्तकापर्यंत तर शाळेत ज्याच्याशी कायम खटके उडतात त्या लियामकडेही ड्रॅगन असतो आणि तो लपवण्याऐवजी मिरवायला बघतो. शिवाय ड्रॅगन वाढत राहतात. खिशात मावणारी गोष्ट खोलीत मावेनाशी झाली की गुपिताचं ओझं होतं, आणि हे ओझं होणं पोरांना वाचता वाचता आपोआप जाणवतं, वेगळं शिकवावं लागत नाही. आणि शेवटी तो प्रश्न येतोच, की यांना एक दिवस सोडून द्यावं लागणार. मला या सिरीजमधलं सगळ्यात मोलाचं हेच वाटतं. ज्याला आपण वाढवलं तो आपला म्हणून ठेवून घेता येत नाही, हे आठ-नऊ वर्षांच्या मुलाला इतक्या हसतखेळत सांगणारी पुस्तकं फार नाहीत हो. माझा भाचा त्या भागात एकदम गप्प झाला होता आणि मग म्हणाला, ‘मावशी, त्याने परत बोलावलं तर येईल ना तो?’ मी म्हटलं पुढे वाच.

आणि आजोबा! सगळे ड्रॅगनबद्दल बोलतात पण माझ्यासाठी ही सिरीज आजोबा-नातवाची आहे. दोघं मिळून बाग साफ करतात, मातीत हात घालतात, गप्पा मारतात. वाढवणं म्हणजे काय हे टोमसला कुठून कळलं तर तिथून, रोप लावायचं, वाट बघायची, घाई करायची नाही. तुमच्या घरी आजोबा असतील तर त्यांनाच वाचून दाखवायला सांगा. इंग्रजीचा प्रश्न असेल तर एक पान इंग्रजीत वाचून पुढचं मराठीत सांगत जायचं, आम्ही असंच केलं. प्रकरणं छोटी आहेत, त्यामुळे झोपायच्या आधी एक-दोन आरामात होतात, आणि मुलगा इंग्रजी माध्यमात असेल तर दुसऱ्या पुस्तकापासून तो तुमच्या हातातून पुस्तक ओढूनच घेईल.

लपवण्याचीच भीती खऱ्या अर्थाने वाटावी अशी गोष्ट हवी असेल तर ती हॅरी पॉटरच्या पहिल्या भागात आहे (मराठीत ‘हॅरी पॉटर आणि परीस’). हॅरीच्या शाळेचा रखवालदार हॅग्रिड एका अनोळखी माणसाकडून पत्त्यांत ड्रॅगनचं अंडं जिंकतो आणि चक्क लाकडी झोपडीत पिल्लू वाढवायला घेतो, ते पिल्लू हॅरीच्या मित्राला, रॉनला, चावतं, हात सुजतो, आणि ते गुपचूप रोमानियाला पाठवण्याच्या भानगडीत पोरांचे मिळून 150 गुण कापले जातात. तिथे मोठा माणूस हट्ट करतोय आणि मुलं निस्तरतायत. टोमसच्या गोष्टीत जो वाढवतो तोच निस्तरतो, म्हणून लहान वयाला मी ही आधी देईन.

एक गोष्ट नक्की होईल त्याची तयारी ठेवा. मुलगा विचारणार की ते झाड खरंच असतं का. गोष्टीतलं फळ म्हणजे ड्रॅगन फ्रूटच आहे, आणि आपण यात नशीबवान आहोत कारण ते आपल्याकडे शेतात दाखवता येतं. सांगली, सोलापूरकडच्या कमी पाण्याच्या भागात सिमेंटचे खांब आणि वर रिंग, त्यावरून खाली लोंबणाऱ्या हिरव्या काटेरी फांद्या, अशी शेतं दिसतात. 2021 मध्ये सांगली जिल्ह्यातल्या तडसरच्या शेतकऱ्यांचं ड्रॅगन फ्रूट दुबईला गेलं होतं. हा मुळात निवडुंगाचा प्रकार, मेक्सिको आणि मध्य अमेरिकेकडचा. फूल रात्री उमलतं, सकाळी उन्हं चढली की मिटतं, आणि पुढे साधारण महिन्याभरात फळ तयार होतं. हे सगळं भाच्याला सांगितलं तर त्याला गोष्टीपेक्षा हेच जास्त खोटं वाटत होतं! फांदीचा तुकडा कुंडीत लावला तर रुजतो, ऊन भरपूर आणि पाणी बेताचं द्यायचं, फळाला मात्र वर्ष-दीड वर्ष किंवा जास्तही लागू शकतं. वाट बघायची सवय लावायला याच्याइतकं चांगलं काही नाही, आणि हे काम त्याच्याकडेच सोपवा, तुम्ही पाणी घालू नका.

क्रम मात्र मोडू नका. पहिली तीन सलग वाचायची, कारण ती एकच मोठी गोष्ट आहे. मधलं सोडून तिसरं हातात दिलं तर सोडून देण्याचा भाग पोकळ वाटेल. चौथ्यात ऑरा नावाची एक नवी मुलगी येते, तिलाही ड्रॅगनबद्दल बरंच माहीत असतं, तिथून वेगळंच वळण लागतं, तेव्हा थोडं थांबून घेतलं तरी चालेल.

पाचही संपली आणि तो अजून ड्रॅगन ड्रॅगन करत असेल तर दहाव्या वर्षाच्या आसपास ब्रूस कोव्हिल यांचं ‘जेरेमी थॅचर, ड्रॅगन हॅचर’ द्या. 1991 चं आहे, त्यात जादूच्या दुकानातून अंडं येतं आणि निरोपाचा भाग यापेक्षा बराच जड आहे, म्हणून आत्ता नको.