जिओसिटीजची जुनी पानं सापडतील का?

प्रश्न: जिओसिटीजवर, म्हणजे याहूच्या त्या जुन्या फुकट वेबसाइट-सेवेवर, लोकांनी बनवलेली जुनी पानं आता कुठे बघायला मिळतात का हो?

उत्तर: मिळतात, सगळी नाही पण बरीच. याहूने जपान सोडून सगळीकडे ते २००९ च्या ऑक्टोबरात बंद केलं, पण त्याआधी आर्काइव्ह टीम या, बंद पडणाऱ्या वेबसाइट जतन करणाऱ्या गटाच्या स्वयंसेवकांनी धडाधड जमतील तेवढी पानं उतरवून घेतली आणि पुढच्या वर्षी टोरंटवर (लोक एकमेकांकडून फाइली उतरवून घेतात ती पद्धत) सगळ्यांना खुली केली, आणि हे कुणी पगारी लोक नव्हते बरं का, मला तर याचं फार कौतुक वाटतं. जुना पूर्ण पत्ता आठवत असेल तर वेबॅक मशीन या, जुनी वेबपानं साठवून दाखवणाऱ्या संकेतस्थळावर टाका, कॅलेंडर उघडेल, ज्या तारखेवर गोल दिसेल तिथे क्लिक करा. फोटोंच्या जागी कधीकधी रिकामी चौकट येते, मजकूर बहुतेक वेळा असतो. सापडलं की लगेच सेव्ह करा, दोन ठिकाणी.