पोटगी, खावटी की निर्वाह?

प्रश्न असा आहे: 'मावसबहीण तीन वर्षं माहेरी आहे, घटस्फोट झालेला नाही. नवऱ्याकडून खर्च मिळावा म्हणून कोर्टात अर्ज केलाय. घरात सगळे "खावटीची केस" म्हणतात, वकील "पोटगी" म्हणतात आणि अर्जावर "निर्वाह" लिहिलंय. पोटगी तर घटस्फोटानंतर देतात ना? मग बरोबर शब्द कोणता?'

तिन्ही बरोबर. चुकतंय ते 'घटस्फोटानंतर' एवढंच, आणि तिथे गोष्ट नेमकी उलटी आहे. 1898 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत पोटगीचं कलम 488 होतं, ते फक्त बायको आणि मुलांसाठी. घटस्फोटितेला त्यात जागाच नव्हती. 1973 च्या संहितेत कलम 125 आलं तेव्हा 'पत्नी म्हणजे पुनर्विवाह न केलेली घटस्फोटित स्त्रीसुद्धा' असं मुद्दाम लिहावं लागलं. म्हणजे पोटगीची मूळ धनीण लग्नातली बायकोच. घटस्फोटिता मागाहून आली. जुलै 2024 पासून तेच कलम भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत 144 क्रमांकाने आहे. सिनेतारकांच्या कोटींच्या पोटग्या पेपरात वाचून आपली समजूत फिरली असावी.

आता शब्द. 'पोटगी'त पोट उघड दिसतं, घडण 'देणगी'सारखी. पूर्वी ती नवरा-बायकोच्या तंट्यापुरती नव्हती. चाकराला, आश्रिताला पोटापुरतं द्यायचं तीही पोटगीच. काही जणांना हा शब्द अपुरा वाटतो. 1956 च्या हिंदू दत्तक व निर्वाह कायद्यात निर्वाहाच्या व्याख्येत अन्न, वस्त्र, निवारा, शिक्षण आणि औषधोपचार एवढं सगळं येतं, मग नुसतं पोट कसं पुरेल? मला हा आक्षेप पटत नाही. 'पोटापाण्याला लागला' म्हणतो तेव्हा आपण घरभाडं आणि मुलांची फीसुद्धा धरतोच की. जुन्या 'अन्नवस्त्र' शब्दात निदान दोन गोष्टी होत्या, पण तो आता बोलण्यातून गेला.

'निर्वाह' हा कायद्याच्या मराठी पुस्तकातला. मराठीतलं 'निभावणं' याच निर्वाहातून उतरलंय, त्यामुळे तो दिसतो तेवढा परका नाही. गंमत म्हणजे म्हाताऱ्या आईवडिलांसाठी 2007 चा कायदा आला, तेव्हा त्याच्या मराठी नावात 'चरितार्थ' घातला. इंग्रजीत दोन्हीकडे 'मेंटेनन्स' हा एकच शब्द, मराठीत बायकोचा निर्वाह आणि आईबापांचा चरितार्थ. का, ते भाषांतरकारालाच ठाऊक.

'खावटी' मात्र आपल्याकडचा जिवंत शब्द. कोल्हापुरात कसबा बावड्याच्या कोर्टाकडे जाणाऱ्या केएमटी बसमध्ये मागच्या सीटवर ऐकलेलं:

'किती बसली गं खावटी?'
'तीन हजार. ती बी चार महिनं थकलीया.'

खाणं हे मूळ स्पष्टच आहे. पण गावच्या पतपुरवठा सोसायटीतून घरखर्चाला काढतात ते 'खावटी कर्ज', आणि आदिवासी विकास विभागाने कोरोनाच्या काळात कुटुंबामागे 4,000 रुपयांचं दिलं ते 'खावटी अनुदान'. एक फेडायचं, दुसरं सरकारनं दिलेलं, तिसरी नवऱ्याकडून येणारी. ओळीत कर्ज-अनुदान नसलं की कोल्हापुरात तिसरीच समजायची. 'थकली' हे कर्जाचंच क्रियापद, आणि इथेही ते चपखल बसतं. थकलेली रक्कम कोर्ट दंडासारखी वसूल करतं. दर थकलेल्या महिन्यापोटी नवऱ्याला एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते. मात्र वसुलीचा अर्ज रक्कम देय झाल्यापासून वर्षाच्या आत करावा लागतो, हे बहिणीला जरूर सांगा.

आणखी दोन बारीक गोष्टी. 144 खाली मागतात तो 'अर्ज', 1956 च्या कायद्याखाली करतात तो 'दावा'. बोलताना दोन्हीला 'केस' म्हटलं तरी कोणी अडवत नाही. आणि 'कायम पोटगी'तल्या 'कायम'ला फसू नका. हिंदू विवाह कायद्याच्या कलम 25 खालची ही रक्कम परिस्थिती बदलली तर कमी-जास्त करता येते, थांबवताही येते.

खरा जपून वापरायचा शब्द वेगळाच आहे: 'नांदणे'. पुरेसं कारण नसताना बायको नवऱ्याकडे राहायला नकार देत असेल, तर 144 खाली पोटगी नाकारता येते. म्हणूनच बहुतेक नवऱ्यांच्या उत्तरात 'मी नांदवायला तयार आहे' हे वाक्य असतं. घरच्यांनी सहज 'ती नांदायला जात नाही' म्हणू नये. मारहाणीमुळे आली असेल तर 'तिला नांदू दिलं नाही' हे तिच्या बाजूचं मराठी. दोन्ही वाक्यांत क्रियापद तेच, कर्ता बदलला.

अर्जावर 'निर्वाह' राहू द्या. घरात खावटीच म्हणा.