तव्यावरचा चीज टोस्ट मऊ का पडतो?

बहुतेक वेळा कारण एकच, भाज्यांचं पाणी. चार स्लाइसना एक छोटा कांदा, अर्धी ढोबळी मिरची आणि एक टोमॅटो पुरे. टोमॅटोचा बियांचा गर काढूनच घ्या. सगळं अगदी बारीक चिरा. जाड तुकडे कच्चे राहतात आणि खाताना घरंगळतात. मीठ आधी घालून ठेवू नका, पाणी सुटतं. चीज खारट असतंच, म्हणून चव बघूनच घाला.

ब्रेड आदल्या दिवशीचा असेल तर उत्तम. एका बाजूला लोणी लावून ती तव्यावर कडक करा, मग तीच बाजू वर घेऊन तिच्यावर भाज्या पसरा. ही पायरी गाळू नका, कुरकुरीतपणा इथेच ठरतो. वर साधारण ६० ग्रॅम किसलेलं चीज, मिरपूड, हवी तर हिरवी मिरची. तव्यावर पुन्हा थोडं लोणी, मंद आच, झाकण ३-४ मिनिटं. मोठ्या आचेवर चीज वितळायच्या आत ब्रेड करपतो. झाकण उचलताना त्याला आतून धरलेलं पाणी टोस्टवर सांडू देऊ नका, आणि शेवटचं अर्धं मिनिट तवा उघडाच ठेवा.