प्लॅनर कुठला घ्यायचा ते नंतर, आधी ती 'ठेव' बघू काका

चिपळूणजवळच्या एका गावातून निवृत्त शिक्षकांचं पत्र आलंय. थोडक्यात असं की मुलीचं लग्न डिसेंबरात, गणपतीपुळ्याला समुद्राकाठी, दोनशे माणसं, बजेट २५ लाख. दोन वेडिंग प्लॅनर बघून ठेवलेत, पुण्याचा एक जण एकूण खर्चाच्या १२ टक्के घेतो आणि रत्नागिरीची एक मुलगी सरळ अडीच लाख सांगते. कोणाला घ्यावं आणि भेटीत काय विचारावं? सोबत स्वतः काढलेले अकरा प्रश्न, मास्तरांच्या अक्षरात, नंबर घालून. पैशांची सोय अशी: एफडी ९ लाख, 'बँकेतली दुसरी ठेव' साडेअकरा लाख, उरलेले साडेचार आहेरातून निघतील. पेन्शन महिना ४२ हजार. त्या दुसऱ्या ठेवीच्या कागदाचा फोटोही जोडलाय आणि बरं झालं जोडलात.

काका, ती ठेव नाहीये.

फोटो मोठा करून वाचला. ती विमा पॉलिसी आहे. वार्षिक हप्ता ५ लाख, हप्ते भरायचे १० वर्षं, पॉलिसी १५ वर्षांची. तुम्ही लिहिलंय की मार्च २०२४ ला रिटायर झाल्यावर ५ लाख ठेवले आणि पुढच्या मार्चला 'बँकेतल्या मॅडमचा फोन आला म्हणून त्यातच आणखी ५ लाख टाकले'. तो दुसरा हप्ता होता. अजून आठ बाकी आहेत, म्हणजे ४० लाख. तिसरा या मार्चमध्ये. तुमचं वर्षाचं पेन्शन होतं ५ लाख ४ हजार, म्हणजे अख्खं पेन्शन हप्त्यात घालायचं आणि काकूंनी चार हजारात वर्षभर घर चालवायचं. अठ्ठावन्नाव्या वर्षी रिटायर झालेल्या माणसाला त्र्याहत्तराव्या वर्षी पिकणारी पॉलिसी विकणाऱ्याला काय म्हणायचं ते मी इथे लिहीत नाही.

आता ते साडेअकरा लाख. नोव्हेंबरात काढायला जाल तेव्हा तुमच्यासारख्या पारंपरिक (शेअर बाजाराशी न जोडलेल्या) पॉलिसीत दोन हप्त्यांनंतर गॅरंटीड सरेंडर व्हॅल्यू, म्हणजे पॉलिसी मधेच मोडली तर नक्की मिळणारी रक्कम, भरलेल्या पैशाच्या साधारण ३० टक्के असते, म्हणजे १० लाखांचे ३ लाख. कंपनी थोडे जास्त देईल, साडेतीन धरू. (१ ऑक्टोबर २०२४ पासून सरेंडरचे नियम जरा बरे झालेत, पण ते नव्या पॉलिसींना, तुमची त्याआधीची.) थोडक्यात आठ लाखांचं भगदाड आहे आणि पत्र आलंय तीन लाखांचा प्लॅनर बरा की अडीच लाखांचा यावर.

म्हणून लगेच सरेंडर करू नका हं. आधी कंपनीला लेखी तक्रार द्या की एफडी म्हणून विकली, हप्ते दरवर्षी आहेत हे सांगितलंच नाही, पॉलिसी रद्द करून पूर्ण पैसे परत द्या. बँकेच्या शाखेला कॉपी द्या, पोचेचा शिक्का घ्या. सोबत प्रपोजल फॉर्मची, म्हणजे पॉलिसीसाठी भरलेल्या अर्जाची, प्रत मागा आणि त्यात तुमचं उत्पन्न आणि व्यवसाय काय लिहिलाय ते बघा, कारण अशा केसेसमध्ये रिटायर्ड माणूस फॉर्मवर 'बिझनेस, उत्पन्न १५ लाख' झालेला मी बघितलाय. पॉलिसी देताना खात्री करायला कंपनीचा फोन येतो, त्या व्हेरिफिकेशन कॉलचं रेकॉर्डिंगही मागा. तुम्ही त्यात सगळ्याला 'हो हो' म्हटलं असेल तर केस कच्ची होते, हेही आधीच सांगतो. महिनाभरात उत्तर नाही किंवा नकार आला की विमा लोकपाल, म्हणजे विमा कंपन्यांविरुद्धच्या तक्रारी ऐकणारा अधिकारी, फी नाही, वकील लागत नाही, पण नकारानंतर वर्षाच्या आत जायचं.

तिथेही नाही जमलं तर कंपनीकडून दोन आकडे लेखी घ्या: आज सरेंडर केली तर किती आणि हप्ते बंद करून पेड-अप (भरलेल्या हप्त्यांपुरतीच चालू) ठेवली तर २०३९ ला किती. साडेतीन लाख ७ टक्क्यांनी तेरा वर्षं ठेवले तर साधारण साडेआठ होतात. पेड-अपचा आकडा याच्या वर असेल तर पडून राहू द्या, खाली असेल तर काढून घ्या. काहीही झालं तरी हे पैसे डिसेंबरच्या लग्नाचे नाहीत.

आणि आहेर. साडेचार लाख भागिले दोनशे म्हणजे माणशी सव्वादोन हजार, त्यात लहान पोरं आणि आजीसुद्धा आली. जो माणूस तिकीट काढून, रजा टाकून तुमच्या लग्नाला गणपतीपुळ्याला येतो तो वर जाड पाकीट देत नाही, मीही देत नाही. आहेर शून्य धरा. मग कोणीतरी पर्सनल लोन सुचवेल, ६ लाखांना १२ टक्क्यांनी पाच वर्षं म्हणजे महिना जवळपास साडेतेरा हजारांचा हप्ता, पेन्शनचा जवळजवळ तिसरा हिस्सा. नको.

तुमच्याकडे खरे आहेत ९ लाख. त्यातले ३ हलवायचे नाहीत, दवाखाना काही सांगून येत नाही. म्हणजे तुमचा वाटा ६. मुलगी आणि जावई दोघंही पुण्यात नोकरीला आहेत असं लिहिलंय, त्यांना समोर बसवून हे आकडे सांगा, वरचे त्यांनी आणि व्याह्यांनी घालावेत नाहीतर दोनशेची ऐंशी माणसं करावीत. नाहीतर तुमच्या खळ्यात मांडव घाला. पुण्याच्या वऱ्हाडाला तेही कोकणच की.

आता विचारलंत म्हणून प्लॅनर. टक्केवारीवाला नको, फुलं महाग झाली की त्याची फी वाढते. २५ लाखांवर त्याचे ३ लाख आणि वर १८ टक्के जीएसटी. रत्नागिरीच्या मुलीला तुमचे अकरा प्रश्न विचाराच, पण सजावटीच्या रंगांचे चार गाळा आणि हे घाला: डेकोरेटर, केटरर, हॉटेल यांच्याकडून तुला काय मिळतं आणि बिलं थेट माझ्या नावावर येतील ना? किनाऱ्यावर मांडवाची परवानगी कोण काढणार? रात्री दहाला स्पीकर बंद, मग संगीत किती वाजता सुरू? लाइट गेली तर जनरेटर कोणाचा? नाताळच्या आठवड्यात खोल्यांचे भाव काय? कोकण रेल्वेचं रिझर्व्हेशन साठ दिवस आधी उघडतं, तेव्हा तिकिटं काढायला कोण बसणार? तिने केलेल्या शेवटच्या दोन लग्नांतल्या मुलीच्या वडिलांचे फोन घ्या, नवरीचे नकोत, बिलं वडिलांनी भरलेली असतात. ॲडव्हान्स २५ टक्क्यांच्या वर नाही.

यातला पहिला प्रश्न, 'तुला काय मिळतं', बँकेतल्या मॅडमना विचारायचा राहिला. वेडिंग प्लॅनरला अकरा आणि १० लाख घेणाऱ्याला एकही नाही, असं कसं हो मास्तर?

हप्ता खात्यातून आपोआप कापला जात असेल, बहुतेक असतोच, तर या आठवड्यात शाखेत जाऊन ते ऑटो-डेबिट लेखी बंद करा आणि पोच घ्या. जाताना मुलीला सोबत न्या. रत्नागिरीला फोन त्यानंतर.