‘राशोमोन’ या जपानी सिनेमात सामुराई योद्ध्याचा खून नक्की कोणी केला? लाकूडतोड्याचंच खरं धरायचं ना?

नाही. त्याचं तर अजिबात धरू नका, मी स्वतः लाकूडतोड्या झालेला माणूस आहे.

आमच्या शेजारच्या दोघा भावांची बांधावरून जुंपली आणि धाकट्यानं थोरल्याच्या डोक्यात खोऱ्याचा दांडा घातला, मी पाटाजवळ उभा, सगळं बघितलं. वाचला थोरला, पण केस झाली. हवालदारानं विचारल्यावर मी म्हटलं, ओरडा ऐकून आलो तोवर सगळं उरकलं होतं. कोर्टाच्या तारखा कोण करणार!

लाकूडतोड्या दुसरं काय करतो? कोर्टात सांगतो की मला फक्त प्रेत सापडलं, आणि नंतर भर पावसात पडक्या वेशीखाली बसून कबूल करतो की सगळं बघितलं, पण भानगडीत पडायचं नव्हतं.

आमचे दाजी वकील. त्यांचं म्हणणं, डाकू, मेलेला सामुराई आणि त्याची बायको हे पक्षकार, लाकूडतोड्या त्रयस्थ, म्हणून त्याची साक्ष वजनदार. अहो पण बायकोचा तो मोती जडवलेला खंजीर? मांत्रिकीणीच्या तोंडून सामुराई सांगतो की माझ्या छातीतला खंजीर कोणीतरी उपसून नेला, तर लाकूडतोड्या उसळून म्हणतो खंजीर नव्हताच, तलवार होती. साहजिकच आहे, खंजीर ढापलाय ना यानं.

तुमच्या प्रश्नाचं म्हणाल तर तिघंही खून आपल्याच अंगावर घेतात, डाकू म्हणतो मी मारलं, बायकोला वाटतं आपल्या हातून झालं, सामुराई म्हणतो मीच भोसकून घेतलं. प्रत्येकाला शिक्षेपेक्षा आपली इभ्रत जपायचीय. ‘ज्याचं त्याचं सत्य’ वगैरे लोक म्हणतात ते मला पटत नाही, खोटं ते खोटंच. न्यायाधीश तर दिसतही नाही, ऐकूही येत नाही, साक्षीदार आपल्याकडे तोंड करून त्याच्या प्रश्नांना उत्तरं देतात. निकाल दिग्दर्शक कुरोसावानं दिलेलाच नाही, तेव्हा मीही देत नाही.

हां, एक राहिलं, हे १९५० च्या सिनेमाबद्दल. तो ज्या कथेवर बेतलाय त्या लेखक अकुतागावाच्या १९२२ च्या कथेत लाकूडतोड्या फक्त प्रेत सापडल्याचं सांगतो, नंतरची कबुली सिनेमातली. त्यामुळे कथा वाचून कोणी भांडत असेल तर त्याचं वेगळं.

दाजींशी मात्र माझा वाद मिटलेला नाही. त्या केसमध्ये धाकट्याचे वकील तेच होते, माझा जबाब वाचून म्हणाले होते, साधा सरळ माणूस. मी त्या दिवशी पाटावर त्या दोघांचं पाणी माझ्या उसात वळवत होतो हे त्यांना अजून माहीत नाही.