हप्ता परवडतो, पण घर केवढ्याला पडतं?

चिरंजीवास अनेक आशीर्वाद.

पत्रास कारण की, संभाजीनगरातल्या बीड बायपासच्या फ्लॅटचा कागद तू पाठवलास आणि खाली एकच प्रश्न लिहिलास : "२६ हजारांचा हप्ता जमेल ना?" जमेल. पगार वेळेवर होतोय, गावाकडून धान्य येतंय, जमायला काय झालं. पण बिल्डरच्या ऑफिसातला पोरगाही तुला हेच विचारतो आणि बँकेतली मॅडमही हेच विचारते. घर एकूण केवढ्याला पडणार, हे तुला दोघांनीही विचारलं नाही.

गावी गेलास की आजोबा विचारतील, व्याज किती रुपये शेकडा? त्यांच्या डोक्यात सावकाराचे दोन रुपये, तीन रुपये असतात. साडेआठ टक्के सालाचे म्हणजे महिन्याला ७१ पैसे शेकडा. ते म्हणतील, फुकटच की! दर स्वस्त आहे खरा. तो अंगावर येतो मुदतीमुळे, कारण सावकाराचा पैसा सुगीला परत जातो आणि हा वीस वर्षं राहतो.

आता हिशेब. सोपं जावं म्हणून ३० लाख कर्ज, साडेआठ टक्के दर, २० वर्षं मुदत असं धरतो. तुझ्या कागदावरचा दर वेगळा असला तर आकडे बदलतील, रीत बदलणार नाही. हप्ता येतो २६,०३५ रुपये. असे २४० हप्ते म्हणजे ६२ लाख ४८ हजार. त्यात व्याज ३२ लाख ४८ हजार, मुद्दलापेक्षाही जास्त.

हे कसं होतं ते कागदावर एकदा स्वतः मांड. शिल्लक मुद्दल गुणिले दर भागिले बारा, हे त्या महिन्याचं व्याज. हप्त्यातून ते वजा केलं की उरेल तेवढंच मुद्दल फिटतं. पहिल्या महिन्यात ३० लाखांवर व्याज २१,२५० आणि मुद्दलात गेले ४,७८५. दुसऱ्या महिन्यात शिल्लक २९,९५,२१५, व्याज २१,२१६, मुद्दल ४,८१९. फरक फक्त ३४ रुपयांचा. एक्सेलमध्ये शिल्लक, हप्ता, व्याज, मुद्दल या चार रकान्यांच्या २४० ओळी खाली ओढ. तो परतफेड तक्ता झाला.

तक्त्यात तीन जागी थांबून बघ. पाच वर्षं संपतात तिथे तू भरलेले असतील १५ लाख ६२ हजार आणि मुद्दल फिटलेलं असेल ३ लाख ५६ हजार. बदली झाली, फ्लॅट विकायचा ठरला, तर बँकेचे २६ लाख ४४ हजार अजून देणंच असतं. लोक इथेच बँकेवर चिडतात, "एवढं भरलं ते गेलं कुठं?" बँकेने त्यात लबाडी केलेली नसते, तक्ता पहिल्या दिवसापासून हेच सांगत असतो. दुसरी जागा १४३ वा हप्ता, म्हणजे बारावं वर्ष संपताना. तिथे पहिल्यांदा हप्त्यातलं मुद्दल व्याजापेक्षा मोठं होतं. तिसरी जागा १६६ वा हप्ता. निम्मं कर्ज तिथे फिटतं, तेरा वर्षं दहा महिन्यांनी.

म्हणून मुदत ठरवताना हात राखून ठरव. त्याच कर्जाला १५ वर्षं घेतलीस तर हप्ता २९,५४२. साडेतीन हजार जास्त, पण एकूण व्याज २३ लाख १८ हजार, म्हणजे सव्वानऊ लाखांची बचत. आणि "सर, तीस वर्षं करू, हप्ता हलका होईल" असं कुणी म्हणालं तर हे ऐकव : हप्ता २३,०६७, सुटका फक्त तीन हजारांची, व्याज ५३ लाख ४ हजार. महिन्याचे तीन हजार वाचवायला साडेवीस लाख जादा. माझ्या मते तुझ्या वयात आणि पगारात तीस वर्षांचा विचारही करू नकोस. पंधरा वर्षांचा हप्ता आज ओढाताणीचा वाटत असेल तर वीसच घे, आणि मधे भरत जा. ते पुढे सांगतो.

दराचं बोलू. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या मापाला जोडावी लागतात, बहुतेक बँकांत ते माप म्हणजे रिझर्व्ह बँकेचा रेपो, ती बँकांना ज्या दराने उसने पैसे देते तो. रेपो अधिक बँकेचा स्प्रेड, म्हणजे ती वर लावते ते टक्के, हा झाला तुझा दर, आणि तीन महिन्यांतून एकदा तरी तो नव्याने ठरतो. गृहवित्त कंपन्यांना हा नियम नाही. त्या आपल्या अंतर्गत दराला जोडतात, त्यामुळे रेपो उतरला तरी तिथलं व्याज लगेच उतरेलच असं नाही.

रेपो वर जातो तेव्हा काय होतं ते २०२२ मध्ये दिसलं. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात तो ४ वरून साडेसहा टक्क्यांवर गेला. समजा एखाद्याने २०२१ साली ६.७ टक्क्यांनी ३० लाख २० वर्षांसाठी घेतले होते. हप्ता २२,७२२. दर ९.२ झाला तेव्हा शिल्लक २९ लाख असेल तर महिन्याचं व्याजच २२,२३३. मुद्दलात पडायचे फक्त ४८९ रुपये. हप्ता तोच ठेवला तर हे कर्ज फिटायला जवळपास ४२ वर्षं लागतील! हप्ता बदलला नाही म्हणून पुष्कळांना वाटलं, आपल्याला काही झालं नाही. बँकेने मुदत लांबवलेली होती.

यावर ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलं की दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की थोडं थोडं दोन्ही, हे कर्जदाराला निवडू द्यायचं. शिवाय दर तिमाहीला बँकेने विवरण द्यायचं : आजवर किती व्याज आणि किती मुद्दल वसूल झालं, हप्ता किती, किती हप्ते उरले, वार्षिक दर किती. त्या कागदात बाकी काही वाचू नकोस, 'उरलेले हप्ते' वाच. मागच्या तिमाहीपेक्षा तीनने कमी झालेले असले पाहिजेत. नसतील तर त्याच आठवड्यात शाखेत जा. आणि दर उतरला, जसा २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जूनमध्ये रेपो साडेसहावरून साडेपाचवर आला, तेव्हा हप्ता कमी करून घेऊ नकोस. हप्ता तोच ठेव, मुदत आपोआप आखडते.

आता मधे भरण्याचं. बदलत्या दराच्या गृहकर्जावर व्यक्तीला मुदतपूर्व परतफेडीचा दंड लागत नाही, बँकांसाठी हे २०१२ पासून आहे. तुझ्या हातातलं सगळ्यात धारदार हत्यार हेच, आणि ते लवकर वापरलं तरच चालतं. पहिलं वर्ष संपताना एक लाख जादा भरलेस तर शेवटचे अठरा हप्ते गळतात, म्हणजे ते लाख वजा जाता ३ लाख ७० हजार वाचतात. हाच लाख पंधरा वर्षांनी भरलास तर वाचतात फक्त पन्नास हजार. दिवाळीचा बोनस आणि सोयाबीनच्या पैशातला तुझा वाटा मिळून दरवर्षी ५० हजार भरत गेलास, तर कर्ज चौदा वर्षं आठ महिन्यांत संपतं आणि व्याजाचे ९ लाख ९० हजार वाचतात.

भरताना अर्जावर स्वच्छ लिही : "हप्ता कायम ठेवून मुदत कमी करावी." नाही लिहिलंस तर काही ठिकाणी हप्ता कमी करून टाकतात आणि बचतीचा मोठा भाग जातो. पैसे भरल्यावर नवा परतफेड तक्ता मागून घे आणि शिल्लक मुद्दल आपल्या एक्सेलशी ताडून बघ.

एक मात्र सांभाळ. पीककर्जाच्या परतफेडीचे पैसे इकडे वळवू नकोस. तीन लाखांपर्यंतचं पीककर्ज मुदतीत भरलं तर आपल्याकडे ते शून्य टक्क्याने पडतं, मुदत हुकली की सवलत गेली. क्रेडिट कार्ड, पर्सनल लोन, सोनेतारण असलं काही असेल तर ते आधी फेड, त्यांचे दर बहुधा याहून चढे असतात. आणि सहा महिन्यांचा हप्ता आणि घरखर्च एवढी रक्कम बाजूला असल्याशिवाय जादा एक रुपया भरू नकोस. एकदा भरलेले पैसे अडचणीत परत मिळत नाहीत. (ओव्हरड्राफ्ट पद्धतीच्या गृहकर्जात, म्हणजे जादा भरलेलं पुन्हा उचलता येतं अशा खात्यात, मिळतात, पण त्याचा दर थोडा जास्त असतो. ज्याला पैसा खात्यात ठेवून न उचलण्याची शिस्त आहे, त्यानेच ते घ्यावं.)

पाच-सहा वर्षांनी तुला फोन येईल, "सर, तुमचं कर्ज आमच्याकडे आणा, दर आठ टक्के, हप्ता चार हजारांनी कमी." तेव्हा विचार, मुदत किती? पाच वर्षांनंतरचे २६ लाख ४४ हजार आठ टक्क्यांनी पुन्हा वीस वर्षांना बांधले तर हप्ता २२,११४ होतो, कमीच. पण पुढे भरायचे होतात ५३ लाख ७ हजार. जुन्याच बँकेत उरलेली पंधरा वर्षं भरलास तर ४६ लाख ८६ हजार. दर उतरूनही सव्वासहा लाखांचा तोटा. पंधराच वर्षं ठेवून कर्ज हलवलंस तर १ लाख ३८ हजार वाचतात, त्यातून प्रक्रिया शुल्क, वकिलाचा अहवाल, मूल्यांकन, गहाणाचं मुद्रांक शुल्क वजा कर. त्याआधी जुन्याच बँकेला लेखी विचार, नव्या ग्राहकाला स्प्रेड किती आणि मला किती? थोडं शुल्क घेऊन पुष्कळदा तिथेच दर उतरतो.

सहीआधी 'की फॅक्ट स्टेटमेंट', म्हणजे कर्जाच्या मुख्य अटींचा कागद, माग. ऑक्टोबर २०२४ पासून ते द्यावंच लागतं, आणि त्यात शुल्कं, विमा धरून खरा वार्षिक दर लिहिलेला असतो. दोन बँकांची तुलना त्या आकड्यावर कर, जाहिरातीतल्या दरावर नको. विम्याचा एकरकमी हप्ता कर्जात मिसळलेला असेल तर काढायला सांग : लाखाचा विमा वीस वर्षांत २ लाख ८ हजारांना पडतो. साधा टर्म प्लॅन (माणूस गेला तरच पैसे देणारा विमा) बाहेरून वेगळा घे, पण घे नक्की. बांधकाम चालू असेल तर 'प्री-ईएमआय'पासून, म्हणजे पूर्ण हप्ता सुरू होईपर्यंत उचललेल्या रकमेचं नुसतं व्याज भरण्यापासून, जप. १५ लाख उचललेले असताना दीड वर्ष नुसतं व्याज भरलंस तर १ लाख ९१ हजार जातात आणि मुद्दल जागचं हलत नाही. पूर्ण हप्ता पहिल्यापासून चालू करता येतो का ते विचार.

कर्जाबाहेरचा खर्चही मांड. ३० लाखांपर्यंतच्या कर्जात बँक किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत जाऊ शकते, त्यावर ७५ लाखांपर्यंत ८०, पण मुद्रांक शुल्क आणि नोंदणी तू आपल्या खिशातून भरायची असते. नोंदणी फी एक टक्का, कमाल ३० हजार. बायकोच्या एकटीच्या नावावर खरेदी असेल तर मुद्रांकात एक टक्का सवलत मिळते. बांधकाम चालू असलेल्या फ्लॅटला जीएसटी लागतो, पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्याला नाही. सोसायटीचा मेंटेनन्स आणि एप्रिल-मेमधले टँकर हप्त्याच्या शेजारीच लिही. संभाजीनगरात टँकर विसरून केलेलं बजेट उन्हाळ्यात मोडतं. प्राप्तिकराच्या सवलतीवर फार विसंबू नकोस. नव्या कररचनेत स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही.

आणि जागेचा कागद. याचा व्याजाशी काय संबंध म्हणशील, तर फार आहे. गुंठेवारीतला (गुंठ्या-गुंठ्याने तुकडे पाडून विकलेला) नियमित न झालेला प्लॉट, सरकारी परवानगीशिवाय विकता न येणारी वर्ग दोनची जमीन, इनाम किंवा मदतमाशची (निजामकाळात निर्वाहासाठी दिलेल्या जमिनीची) नोंद असलेला जुना खासरा उतारा, असं काही निघालं की मोठ्या बँका हात वर करतात आणि चढा दर घेणारे पुढे येतात. साडेआठऐवजी अकरा टक्के पडले तर त्याच ३० लाखांचा हप्ता ३०,९६६ होतो आणि वीस वर्षांचं व्याज ४४ लाख ३२ हजार. स्वस्त मिळालेल्या प्लॉटची स्वस्ताई तिथेच जिरते, वर विकताना गिऱ्हाईक अडतं ते वेगळंच. म्हणून इसार देण्याआधी तीस वर्षांचा शोध अहवाल वकिलाकडून काढून घे.

कर्ज फिटेल तेव्हासाठी आत्ताच लिहून ठेव : बँकेने मूळ कागद तीस दिवसांत परत द्यायचे, तिच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई. बेबाकी (कर्ज फिटल्याचा दाखला) घेऊन थांबू नकोस, पीआर कार्डावर (शहरातल्या मिळकतीच्या उताऱ्यावर) किंवा सातबारावर बँकेचा बोजा चढलेला असेल तर तो कमी झाल्याची नोंद बघूनच फाईल बंद कर.

मंजुरीपत्र हातात आलं की सही करण्याआधी फोटो पाठव. स्प्रेड आणि दर बदलण्याच्या कलमाचं पान नीट वाचता येईल असं काढ, मागच्या वेळी अर्धं पान कापलं होतंस.

तुझा,
काका